हिमेकिशी: राजकन्याही तीच, राखणदारही तीच

स्वर्गात जन्माला यायच्या बाळांची रांग लागली आहे. मुलगा होणार असेल त्याला देव निळं हृदय देतो, मुलगी होणार असेल तिला गुलाबी. टिंक नावाचा एक खोडकर देवदूत देवाची नजर चुकवून एका बाळाला निळं हृदय भरवून मोकळा होतो. पुढे देव त्याच बाळाला गुलाबी हृदयही देतो. अशी दोन हृदयं घेऊन ते बाळ सिल्व्हरलँड नावाच्या राज्यात राजाराणीच्या पोटी येतं. मुलगी होते. नाव सफायर, म्हणजे नीलम. आणि त्या राज्याचा कायदा असा, की गादीवर फक्त मुलगाच बसू शकतो. मुलगा नसेल तर गादीवर डोळा ठेवून बसलेल्या ड्युराल्युमिन या सरदाराचं फावणार. म्हणून दवंडी पिटली जाते: राजाला मुलगा झाला.

ओसामू तेझुका यांनी ही गोष्ट १९५३ ते १९५६ या काळात ‘शोजो क्लब’ या मुलींच्या मासिकात मांगा, म्हणजे चित्रकथा म्हणून क्रमशः काढली. नाव होतं ‘रिबन नो किशी’. इंग्रजीत ती ‘प्रिन्सेस नाइट’ झाली. १९६३ ते १९६६ मध्ये त्यांनी ती ‘नाकायोशी’ मासिकासाठी पुन्हा नव्याने काढली, आणि १९६७ साली तिची ५२ भागांची रंगीत ॲनिमे, म्हणजे जपानी ॲनिमेशन, मालिका सुरू झाली. आज जपानी ॲनिमेत किंवा गेममध्ये चिलखत घातलेली, हाती तलवार घेतलेली राजकन्या दिसली, की तिच्या मागे कुठेतरी ही दोन हृदयांची सफायर उभी असते.

या पात्राला जपानीत एक नेमका शब्द आहे: हिमेकिशी. हिमे म्हणजे राजकन्या. किशी म्हणजे घोड्यावरचा योद्धा, युरोपातला ‘नाइट’. जपानच्या स्वतःच्या योद्ध्याला बुशी किंवा सामुराई म्हणतात, किशी म्हणत नाहीत. म्हणजे शब्दातच कळतं की ही बाई परदेशी वेशात आलेली आहे. जपानकडे स्वतःच्या शस्त्रधारी स्त्रिया नव्हत्या असं मुळीच नाही. ‘हेइके मोनोगातारी’ या मध्ययुगीन युद्धकथेत तोमोए गोझेन आहे. १८६८च्या यादवी युद्धात आइझू या संस्थानाच्या बाजूने नागिनाता, म्हणजे लांब दांड्याला वक्र पातं लावलेलं शस्त्र, घेऊन लढताना एकविशीच्या आसपास मारली गेलेली नाकानो ताकेको आहे. तरी ही कल्पना रुजली ती किल्ले, मुकुट, पांढरे घोडे आणि लेसच्या झालरी असलेल्या एका काल्पनिक युरोपात. स्वतःच्या आजीबद्दल जे बोलायला जड जातं, ते दूरदेशीच्या राजकन्येबद्दल सहज बोलता येतं, असं मला वाटतं.

आता या पात्रातली खरी गोम. गोष्टीतल्या राजकन्येचं काम काय? तिला राक्षस पळवतो, तिच्यासाठी स्वयंवर मांडलं जातं, तिला वाचवायला कुणीतरी घोड्यावरून येतो. म्हणजे ती राखायची वस्तू. योद्ध्याचं काम काय? राखणं. हिमेकिशीत ही दोन्ही कामं एकाच अंगावर पडतात. मग संकट आलं की कुणी कुणाला राखायचं? सत्तर वर्षांत जपानी लेखकांनी, चित्रकारांनी आणि गेम बनवणाऱ्यांनी या एकाच प्रश्नाची निरनिराळी उत्तरं देऊन पाहिली आहेत. हे पात्र समजून घ्यायचं तर चिलखताची नक्षी बाजूला ठेवून प्रत्येक गोष्टीला हाच प्रश्न विचारावा.

सफायरकडे परत येऊ, कारण सगळी बीजं तिथेच आहेत.

तिच्या हाती तलवार येते ती हौसेने नव्हे, कायद्यामुळे. हा कायदा तेझुकांच्या वाचकांना परका नव्हता. जपानच्या १८८९च्या राजघराण्याच्या कायद्याने गादी फक्त पुरुषांकडे जाईल असं लिहून ठेवलं. युद्धानंतर १९४७ साली तो कायदा नव्याने लिहिला गेला, पण ही अट तशीच राहिली. त्याआधीच्या इतिहासात आठ स्त्रिया सम्राटपदी बसून गेल्या होत्या, त्यातल्या दोघी तर दोनदा. शेवटची गो-साकुरामाची, तिचा काळ १७६२ ते १७७१. याच्या बरोबर उलट वारं देशात वाहत होतं. एप्रिल १९४६ मध्ये जपानी स्त्रियांनी राष्ट्रीय निवडणुकीत पहिल्यांदा मत दिलं आणि ३९ जणी संसदेच्या कनिष्ठ सभागृहात निवडून गेल्या. नव्या राज्यघटनेने स्त्री-पुरुष समान मानले. ‘शोजो क्लब’ हाती घेणारी दहा-बारा वर्षांची मुलगी अशा देशात वाढत होती, जिथे आईला मत होतं, पण राजाच्या मुलीला गादी नव्हती. तेझुकांनी हे मनात धरूनच सिल्व्हरलँडचा कायदा रचला असं मी म्हणणार नाही. पण वाचणाऱ्या मुलीला तो कायदा समजावून सांगावा लागला नसणार. आजही लागणार नाही. सध्याचे सम्राट नारुहितो यांना एकच अपत्य आहे, २००१ साली जन्मलेली राजकन्या आइको, आणि कायद्याप्रमाणे ती गादीवर बसू शकत नाही.

गोष्टीतली खलनायकांची नावं मात्र खास त्या काळाची: ड्युराल्युमिन, नायलॉन, आणि ड्युराल्युमिनच्या पोराचं नाव प्लास्टिक. युद्धानंतर घराघरात शिरत असलेल्या नव्या पदार्थांची ही नावं, आणि त्यांच्यासमोर उभी नीलम.

राजपुत्र म्हणून वाढलेली सफायर तलवारीत तरबेज होते. शेजारच्या राज्यातला राजपुत्र फ्रान्झ तिला आवडतो. त्याला भेटायला ती फिकट सोनेरी केसांचा टोप घालून, झगा नेसून उत्सवात जाते. नीट बघा, ही मुलगीच आहे, आणि तिला मुलगी म्हणून मिरवण्यासाठी सोंग घ्यावं लागतंय. फ्रान्झ त्या अनोळखी मुलीच्या प्रेमात पडतो, आणि राजपुत्र सफायर मात्र त्याला परका, वेळप्रसंगी विरोधी गोटातला. पुढे गुपित फुटतं, गादी जाते, आणि ती डोळ्यांवर मुखवटा चढवून अन्यायाविरुद्ध लढू लागते. नावातला ‘रिबनचा योद्धा’ तो हाच. एका मुलीची इतकी रूपं: राजपुत्र, सोनेरी केसांची अनोळखी मुलगी, मुखवट्याचा योद्धा. खरं तोंड दाखवायची सोय एकातही नाही.

ही वेषांतराची कल्पना तेझुकांना कुठे भेटली, हे पक्कं ठाऊक आहे. ते लहानाचे मोठे झाले ताकाराझुका गावात. ओसाकाजवळचं हे गरम पाण्याच्या झऱ्यांचं ठिकाण. तिथवर रेल्वे नेणारे उद्योजक इचिझो कोबायाशी यांना शेवटच्या स्थानकापर्यंत प्रवासी यायला हवे होते. म्हणून त्यांनी १९१३ साली मुलींचं एक गायनपथक उभं केलं, आणि १९१४ साली त्याचा पहिला प्रयोग झाला. त्यातून ताकाराझुका रेव्ह्यू ही फक्त स्त्रियांची नाटकमंडळी वाढली. पुरुषांच्या भूमिकाही स्त्रियाच करतात. अशा नटीला ‘ओतोकोयाकू’ म्हणतात. ती आवाज खाली उतरवते, चालण्याची, बसण्याची ढब वर्षानुवर्षं घोटते, आणि तिच्यावर जीव टाकणारा प्रेक्षकवर्ग मुख्यतः स्त्रियांचाच असतो. (मराठी वाचकाला इथे एक योगायोग सांगितल्यावाचून राहवत नाही: १९१३ हेच गंधर्व नाटक मंडळीच्या स्थापनेचं वर्ष. इकडे बालगंधर्वांची भामिनी पाहून बायका शालू कसा नेसावा हे शिकत होत्या, तिकडे मुली पुरुषाचा रुबाब अंगी बाणवायला निघाल्या होत्या.) तेझुकांची आई त्यांना हे प्रयोग पाहायला न्यायची. सफायरच्या दरबारातला झगमगाट, तिचे टपोरे चमकदार डोळे, तिची पुरुषी वेशातली ऐट, सगळ्यात त्या रंगमंचाचा उजेड आहे. आज त्याच गावात तेझुकांचं संग्रहालय आहे, १९९४ पासून.

मग सफायरच्या बाबतीत कोण कुणाला राखतं? तेझुकांचं उत्तर थोडं संकोचून दिलेलं आहे. तलवार निळ्या हृदयाची, हळवेपणा गुलाबी हृदयाचा. म्हणजे लढायची ताकद तिची स्वतःची नाही, चुकून अंगात आलेल्या मुलाची. टिंक पृथ्वीवर उतरतो तो ते निळं हृदय परत न्यायलाच. आणि सगळ्या लढायांनंतर गोष्ट फ्रान्झशी लग्नावर येऊन थांबते. हे आज वाचताना खटकतं, आणि खटकायलाच हवं. पण १९५३ साली मुलींच्या मासिकात लांब पल्ल्याची साहसकथा, आणि तिच्या मध्यभागी घोडा दौडवणारी मुलगी, हेच मुळात नवं होतं. तेझुकांनी दार उघडलं. त्या दारातून आत येणाऱ्या बायका पुढे स्वतःचं घर बांधणार होत्या.

त्यातली पहिली मोठी बाई म्हणजे रियोको इकेदा.

१९४७ साली जन्मलेल्या इकेदा विद्यार्थी चळवळीतून आलेल्या. १९७२ मध्ये ‘मार्गारेट’ या मुलींच्या साप्ताहिकात त्यांनी ‘बेरुसाइयु नो बारा’, म्हणजे ‘व्हर्सायचा गुलाब’, सुरू केली. विषय फ्रेंच राज्यक्रांती. नायिका खरं तर राणी मारी आंत्वानेत व्हायची होती, पण तिच्या दिमतीला असलेली एक लष्करी अधिकारी वाचकांनी उचलून धरली: ऑस्कर फ्रान्स्वा द जार्जे. जनरल जार्जेंना मुलीच मुली. सगळ्यात धाकटीलाही मुलगीच म्हणून जन्माला आलेली पाहून बाप तिचं नाव ऑस्कर ठेवतो आणि हाती तलवार देतो. जनरल जार्जे हे इतिहासातले खरे गृहस्थ. ही मुलगी इकेदांची.

ऑस्कर राजकन्या नाही, सरदारघराण्यातली आहे. तरी हिमेकिशीच्या वंशावळीत तिचं स्थान सफायरच्या लगेच खाली आहे, आणि माझ्या मते बरंच वर. कारण तिच्यात निळं हृदय नाही. मुखवटाही नाही. ती स्त्री आहे हे सगळ्या दरबाराला माहीत आहे, आणि तरी ती राणीच्या संरक्षक दलाची प्रमुख आहे. तिची ताकद कुणाकडून उसनी आलेली नाही, सरावातून आलेली आहे. सुरुवातीला तिचं काम सरळ आहे: राणीला राखायचं. पण व्हर्सायच्या राजवाड्याबाहेर पडून पॅरिसच्या गल्ल्यांत भुकेली माणसं पाहिल्यावर तिला कळतं की आपण कुणापासून कुणाला राखतोय. हा प्रश्न या परंपरेत पहिल्यांदा विचारला गेला तो इथे. ती सुखाची जागा सोडून साध्या शिपायांच्या पलटणीत बदली मागून घेते. तिथले पुरुष आधी तिचा हुकूम मानायला तयार नसतात. हे भाग वाचणाऱ्या जपानी मुली थोड्याच वर्षांत नोकरीला लागणार होत्या, आणि कामाच्या ठिकाणी समान संधी देणारा कायदा व्हायला १९८५ साल उजाडायचं होतं. ऑस्कर त्यांना इतकी जवळची का वाटली, याचं उत्तर मला या पलटणीत दिसतं. व्हर्सायच्या आरशांत नाही.

१४ जुलै १७८९ रोजी, बॅस्टिलचा तुरुंग पडतो त्या दिवशी, ऑस्कर लोकांच्या बाजूने लढताना मरते. तिच्यावर जन्मभर जीव लावणारा, तिच्याच घरी नोकर म्हणून वाढलेला आंद्रे आदल्या दिवशी गेलेला असतो. लग्नाचा शेवट नाही, मुकुट नाही. ती ज्यांना राखायला निघाली होती ते लोक जिंकतात, एवढंच.

१९७४ मध्ये ही कथा कुणी रंगमंचावर आणली असेल? ताकाराझुकाने. ज्या रंगमंचावरून तेझुकांनी वेषांतर उचललं, त्याच रंगमंचावर वीस वर्षांनी ऑस्कर उभी राहिली: पुरुषी गणवेशातल्या स्त्रीची भूमिका, पुरुषांच्या भूमिका करणाऱ्या नटीकडे. ते नाटक त्या मंडळीचं सर्वांत लाडकं नाटक ठरलं आणि आजतागायत पुन्हा पुन्हा होत असतं. १९७९-८० मध्ये ४० भागांची ॲनिमे मालिका झाली, आणि २०२५ मध्ये नवा ॲनिमे चित्रपट आला. ज्यांना या विषयात कुठून शिरावं असा प्रश्न असेल, त्यांनी ऑस्करपासून सुरुवात करावी. मालिका जुनी आहे, डोळ्यांतल्या चांदण्या अंमळ जास्त आहेत, पण शेवटचे भाग अंगावर येतात.

यानंतर ‘सेलर मून’. नाओको ताकेउचींची ही मांगा १९९१च्या अखेरीस त्याच ‘नाकायोशी’ मासिकात सुरू झाली, जिथे सफायर दुसऱ्यांदा अवतरली होती. रडूबाई शाळकरी मुलगी उसागी हीच चंद्राच्या राज्याची राजकन्या आणि हीच योद्ध्यांची पुढारी. इथे घोडा नाही, चिलखत नाही, शाळेच्या गणवेशासारखा पोशाख आहे. किशी म्हणावं की नाही यावर वाद घालता येईल. तिच्यामुळे घडलेली गोष्ट निराळीच: राखणारी एकटी राहिली नाही, मैत्रिणींचा जथा झाला.

‘सेलर मून’च्या ॲनिमेवर काम केलेले दिग्दर्शक कुनिहिको इकुहारा १९९७ साली ‘शोजो काकुमेई उतेना’ घेऊन आले, आणि त्यांनी या सगळ्या परंपरेची उलटतपासणी घेतली. ३९ भाग आहेत. लहानपणी आईवडील गमावलेल्या उतेनाचे अश्रू एका राजपुत्राने पुसलेले असतात. दुसरी एखादी मुलगी म्हणाली असती, मोठी झाले की त्याच्याशी लग्न करीन. उतेना ठरवते, मोठी झाले की मीच राजपुत्र होईन. ती मुलांसारखा गणवेश घालून शाळेत येते. तिथे विद्यार्थी द्वंद्वयुद्धं खेळतात, आणि जिंकणाऱ्याला ‘गुलाबाची वधू’ मिळते: आन्थी हिमेमिया नावाची अबोल मुलगी. आडनावातच ‘हिमे’. जी तलवार घेऊन लढायचं, तीसुद्धा आन्थीच्या छातीतून उपसून निघते.

उतेनाला वाटतं आपण आन्थीला राखतोय. हळूहळू दिसू लागतं की ‘राखणं’ या शब्दातच एक मालकी लपलेली आहे. राजपुत्र व्हायचं तर कुणीतरी राजकन्या लागते, आणि राजकन्या म्हणून कोंडली गेलेली मुलगी त्या भूमिकेत बसली नाही तर तिला चेटकीण ठरवतात. हिमेकिशीने नुसती जागा बदलली, पुरुषाच्या जागी स्वतः जाऊन बसली, तर कोंडलेली मुलगी कोंडलेलीच राहते. शेवटी उतेना राजपुत्र होऊ शकत नाही. ती हात पुढे करते, हात सुटतो, आणि तीच नाहीशी होते. सगळे म्हणतात ती हरली. पण आन्थी आपला चष्मा काढून ठेवते, बॅग उचलते आणि शाळेच्या फाटकातून स्वतःच्या पायांनी बाहेर पडते, उतेनाला शोधायला. सफायरपासून चालत आलेल्या प्रश्नाचं इतकं धीट उत्तर मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

आता गेमकडे वळू, कारण गेममध्ये हाच प्रश्न आकड्यांत आणि नियमांत उतरतो, आणि ती मजा वेगळी आहे. गोष्टीत लेखक म्हणतो म्हणून राजकन्या शूर असते. गेममध्ये ती शूर आहे की नाही हे तुम्ही तिला पटावर कुठे ठेवता त्यावर ठरतं.

फेब्रुवारी १९९० मध्ये ‘ड्रॅगन क्वेस्ट ४’ आला. त्याच्या दुसऱ्या प्रकरणाची नायिका अलेना, एका राजाची मुलगी. बाप बाहेर जाऊ देत नाही, म्हणून ती लाथ मारून खोलीची भिंत फोडते आणि खाली उडी टाकते. मागोमाग एक तरुण धर्मगुरू आणि एक म्हातारा जादूगार धावतात, राजकन्येची काळजी घ्यायला. आता लढाईत पाहा. अलेना आघाडीला, नुसत्या हातापायांनी शत्रू लोळवणारी. पाठराखे दोघे अंगाने नाजूक, मागे उभे राहून मंत्र म्हणणारे. कोण कुणाची काळजी घेतंय हे खेळणाऱ्याला पाच मिनिटांत कळतं, आणि कुणी भाषण करून सांगत नाही.

दोनच महिन्यांनी, एप्रिल १९९० मध्ये, ‘फायर एम्ब्लेम’ मालिकेतला पहिला गेम आला. बुद्धिबळासारखा पट, त्यावर तुमची माणसं, आणि कठोर नियम असा की मेलेलं माणूस परत येत नाही. यातली शीडा ही तालिस बेटाची राजकन्या पंख असलेल्या घोड्यावरून लढते. गोष्टीच्या आरंभीच ती उडत येते, कारण बापाच्या किल्ल्यावर चाचे चालून आलेले असतात. उडता येत असल्यामुळे ती डोंगर, समुद्र ओलांडून सगळ्यांच्या पुढे जाऊ शकते. पण तिरंदाजाच्या टप्प्यात आली की संपली. उडणाऱ्या स्वाराला बाण भयंकर लागतो. मी हा गेम खेळताना तिला पुढेही पाठवायचो आणि प्रत्येक तिरंदाजाच्या घरांची मोजणीही करायचो. राजकन्येला राखायचं आणि तिच्याकडूनच राखून घ्यायचं, दोन्ही एका चालीत. शिवाय तिच्याकडे तलवारीपेक्षा मोठं हत्यार आहे: बोलणं. शत्रूच्या बाजूने लढणारा नावाजलेला तलवारबाज नवार तिच्याशी बोलला की आपल्याकडे येतो. आणि या गेमचा सर्वांत बोलका नियम सांगतो. शीडा मेली तरी खेळ पुढे चालतो. खेळ संपतो तो गोष्टीचा नायक राजपुत्र मार्थ मेल्यावर. म्हणजे पटावर जिवापाड जपायचा तो राजपुत्र, आणि त्याच्यासाठी पुढे धावायची ती राजकन्या. परीकथा नियमाच्या पुस्तकात हळूच उलटी करून ठेवलेली आहे.

याच मालिकेत २०१२ साली लुसिना आली. उद्ध्वस्त भविष्यकाळातून बापाला वाचवायला भूतकाळात आलेली राजकन्या. डोळ्यांवर मुखवटा, आणि नाव सांगते मार्थ. सफायरचा मुखवटा साठ वर्षांनी परत येतो, पण आता त्याच्याआड गादीचा कायदा नाही. वारस म्हणून लुसिनाला कुणी नाकारलेलं नाही. तिने पूर्वजाचं नाव घेतलं ते जबाबदारी म्हणून.

काही गेम ही दोन कामं दोघींत वाटून टाकतात. १९९७च्या ‘फायनल फँटसी टॅक्टिक्स’मध्ये ओव्हेलिया राजकन्या आणि आग्रियास तिची अंगरक्षक. ओव्हेलियाच्या वाट्याला जे येतं ते पाहिलं की वाटतं, हिला कुणीतरी तलवार शिकवायला हवी होती.

आणि मग सेबर. ३० जानेवारी २००४ रोजी ‘फेट/स्टे नाइट’ हा, बराचसा कादंबरीसारखा वाचायचा, गेम आला. जादूच्या लढाईत इतिहासातले आणि दंतकथांतले वीर बोलावले जातात. शिरो या शाळकरी मुलाच्या हाकेला येते ती निळ्या पोशाखावर चिलखत घातलेली सोनेरी केसांची मुलगी, आणि ती निघते ब्रिटनच्या दंतकथांतला राजा आर्थर. लेखक किनोको नासू यांच्या शाळकरी वयातल्या पहिल्या खर्ड्यात आर्थर पुरुष होता आणि नायक मुलगी होती. पुढे दोघांची अदलाबदल झाली. सेबरने हयातभर आपण स्त्री असल्याचं लपवून राज्य केलं. सफायर गुपित फुटल्यावर मोकळी होते. सेबरचं गुपित टिकलं, आणि ते टिकवताना तिच्यातली माणूस मागे पडत गेली, हे तिचं दुःख. तिची इच्छा विचारली तर ती म्हणते, राजा निवडण्याची ती घडीच पुन्हा यावी, माझ्याहून लायक कुणी निवडला जावा. शिरो तिच्याहून कितीतरी दुबळा, तरी सारखा तिच्यापुढे ढाल होऊन उभा राहतो, आणि ती चिडते. त्या चिडण्यात मला ऑस्कर दिसते.

आता एक अप्रिय भाग, पण तो वगळला तर चित्र अर्धं राहील. जपानी इंटरनेटवर ‘हिमेकिशी’ शब्द शोधलात तर सफायर आधी भेटेलच असं नाही. २०००च्या दशकात प्रौढांसाठीच्या गेममध्ये या पात्राचं एक साचेबंद रूप चालू झालं: गर्विष्ठ राजकन्या-योद्धा शत्रूच्या हाती लागते, आणि दात-ओठ खात म्हणते, “कुत्, कोरोसे!”, म्हणजे “मारून टाक मला!” हे वाक्य इतकं घासलं गेलं की त्याचा ‘कुक्कोरो’ असा आखूड शब्द झाला आणि विनोदासाठी वापरला जाऊ लागला. याचं यंत्र समजायला सोपं आहे. जन्माने उंच आणि शौर्याने उंच, अशी दोन उंचीवर बसवलेली बाई खाली पाडली की पाहणाऱ्याला पाडल्याचा आनंद दुप्पट. आणि पडली की ती पुन्हा पहिल्या भूमिकेत, कोंडलेली राजकन्या म्हणून, फक्त आता सोडवायला कुणी येणार नाही. जे पात्र मुलींना घोड्यावर बसवण्यासाठी जन्मलं, त्याला घोड्यावरून ओढण्यातच मजा मानणारा हा प्रकार मला मनापासून नकोसा वाटतो. पोट आणि मांड्या उघड्या टाकणारं चिलखतही याच कुळातलं. ते कुणाला राखण्यासाठी घडवलेलंच नाही.

या साच्याला मिळालेलं सर्वांत गोड उत्तर एका विनोदी मालिकेने दिलं. २०१९ मध्ये मांगा म्हणून सुरू झालेली आणि जानेवारी २०२४ मध्ये ॲनिमे झालेली ‘हिमेसामा गोमोन नो जिकान देसु’. शब्दशः: ‘राजकन्ये, छळाची वेळ झाली’. राजकन्या-योद्धा सैतानी फौजेच्या कैदेत आहे, सोबत तिची बोलणारी पवित्र तलवार. छळ करणारी बाई येते आणि समोर ठेवते गरमागरम, लोणी विरघळत असलेला टोस्ट. पुढच्या खेपेला रामेन. राजकन्या शिस्तीत वाढलेली. तिने धीर धरायचा प्रयत्न केला तरी शेवटी राज्याचं एखादं गुपित सांगून घास मिळवते. आणि तिला कैदेत ठेवणारे हळूहळू तिच्या आयुष्यातले पहिले मित्र होतात. ‘कुक्कोरो’चा सगळा मांडव जसाच्या तसा, पण आत क्रूरतेचा लवलेश नाही. सत्तर वर्षं सगळ्यांना राखत आलेल्या पोरीला कुणीतरी विचारतं, जेवलीस का?

आणि शेवटी झेल्डा. १९८६ पासून चालत आलेल्या गेम-मालिकेला नाव या राजकन्येचं, पण खेळायचा तो लिंक, तिला सोडवणारा. १९९८च्या गेममध्ये तिने शीक नावाचा अनोळखी योद्धा बनून लिंकला वाट दाखवली होती, तोंड अर्धं झाकून, म्हणजे पुन्हा सफायरचीच वाट. सप्टेंबर २०२४ मध्ये ‘एकोज ऑफ विज्डम’ आला, तोमोमी सानो या मालिकेच्या पहिल्या स्त्री दिग्दर्शकाच्या हाताखाली. सुरुवातीला तुम्ही लिंकच असता, झेल्डाला सोडवायला आलेले. तेवढ्यात जमिनीत एक फट पडते आणि लिंकच तिच्यात गडप होतो. स्फटिकात कोंडलेली झेल्डा मोकळी होते, लिंकचा पडलेला झगा अंगावर घेते. आता तुम्ही झेल्डा.

या गेममध्ये तिला लिंकची तलवार चालवता येते, पण थोडा वेळच. शक्ती संपली की संपली. सफायरच्या निळ्या हृदयासारखीच उसनी. तिची मुख्य विद्या निराळी आहे: जी वस्तू नीट पाहिली तिची हुबेहूब नक्कल उभी करणं. राजवाड्याच्या तळघरात कोंडल्यावर ती विद्या पहिल्यांदा वापरायची वेळ येते. कोठडीत एक साधं लाकडी टेबल असतं. ती त्याची नक्कल करते, टेबलावर टेबल रचते, आणि चढू लागते.